वांटणीचा दावा आणि मुदतीचा कायदा

(एका खेडेगांवांतील शाळामास्तरांनीं शाळेच्या पटांगणांत शेतकरी व कारागीर मंडळींपुढें केलेलें भाषण. ऐकणाऱ्या पुष्कळ मंडळींनीं मागणी केल्यावरून तें येथें देत आहों.)



आज मी तुमच्यापुढें एका तारखेविषयीं बोलणार आहें. आपण पेरणीची तारीख विसरत नाहीं, लग्नाची विसरत नाहीं, बैल बाजारांत घेतला ती तारीखहि वीस वर्षांनीं सांगतों. परंतु ज्या दिवशीं भावानें आपल्याला तोंडावर सांगितलें कीं, “तुझा येथें कांहीं हिस्सा नाहीं,” ती तारीख आपण मुद्दाम विसरतों. घरची गोष्ट, चारचौघांत कशाला, असें म्हणून विसरतों. आणि नेमकी तीच तारीख कोर्ट विचारतें.

मी वकील नाहीं. शाळेंत पोरांना बाराखडी शिकविणारा मास्तर आहें. परंतु हा विषय मला माझ्याच घरांत फार महागांत शिकावा लागला. म्हणून प्रथम घरची गोष्ट सांगतों.

१९९१ सालीं मी चौथींत होतों. आजोबा वारले होते. जमीन थोरल्या चुलत्यांच्या ताब्यांत होती व माझे वडील गवंडीकामासाठीं बाहेरगांवीं जात. त्यांनीं एकदां हिस्सा मागितला. तोंडीं मागितला तेव्हां तोंडीं भांडण झालें आणि थोड्याच दिवसांनीं पोस्टमन रजिस्टर पत्र घेऊन आला. वडिलांना वाचतां येत नव्हतें. त्यांनीं पोचपावतीवर अंगठा दिला आणि पत्र माझ्या हातांत ठेवलें. मीं तें मोठ्यानें वाचलें. त्यांत असें होतें कीं, तुम्ही आपली वांटणी पूर्वींच घेऊन गेलां आहां, या मिळकतीशीं तुमचा कांहींएक संबंध उरलेला नाहीं. मला न अडखळतां वाचतां आलें याचाच आईला आनंद झाला! दहा वर्षांच्या पोराला अक्षरें येत होतीं, अर्थ येत नव्हता. वडिलांना अर्थ कळला, पण ते म्हणाले, “थोरला भाऊ आहे, राग उतरेल.” आजीनें सांगितलें, “मी डोळे मिटेपर्यंत कोर्टाची पायरी चढूं नका.” वडिलांनीं आईचा शब्द मोडला नाहीं. पत्र पेटींत गेलें.

आजी वारली आणि २००५ सालीं वडिलांनीं दावा लावला. समोरच्या बाजूनें इतर कागदांबरोबर ती पोस्टाची पोचपावती हजर केली. तिच्यावर माझ्या वडिलांचा अंगठा होता. न्यायाधीशांनीं विचारलें, हें पत्र तुम्हांस कळलें होतें काय? वडील खोटें बोलणारे नव्हते. ते म्हणाले, “होय, पोरानें वाचून दाखविलें होतें.” दावा मुदतीबाहेरचा म्हणून निघाला. वांटणी खरोखर पूर्वीं झाली होती कीं नाहीं, हा मूळ प्रश्न बाजूलाच राहिला. चौदा वर्षें झालीं होतीं, कायद्यानें बारा दिलीं होतीं.

मंडळी, मी त्या न्यायाधीशांना दोष देत नाहीं. आजीलाहि देत नाहीं. मी दोष देतों आमच्या अज्ञानाला. बारा वर्षांचा नियम आमच्या घरांत एकालाहि ठाऊक असता, तर आजीचा शब्दहि राहिला असता आणि हिस्साहि राहिला असता. तो कसा, तें पुढें सांगतों.

आधीं मुदत म्हणजे काय तें पाहूं. कोणताहि हक्क कोर्टांत मागायचा तर तो अमुक वर्षांच्या आंत मागितला पाहिजे, असें सरकारनें ठरवून दिलें आहे. ह्या कायद्यास मुदतीचा कायदा म्हणतात. सध्यांचा कायदा १९६३ सालचा असून तो १ जानेवारी १९६४ पासून लागू आहे. त्याच्या कलम ३ प्रमाणें मुदत संपल्यावर आणलेला दावा कोर्टानें काढून टाकलाच पाहिजे. समोरच्यानें मुदतीचें नांवहि काढलें नाहीं तरी! तेव्हां प्रतिवादी आपलाच भाऊ आहे, तो मुदतीची हरकत घेणार नाहीं, ह्या भरंवशावर कोणी राहूं नये.

हा कायदा आपल्या बापजाद्यांना नवा नाहीं. १८५९ सालच्या मुदतीच्या कायद्यानें साध्या कर्जखताच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत ठेवली. हेतु असा सांगितला जाई कीं, त्यामुळें जुनीं कर्जें सांचून राहणार नाहींत. झालें उलटेंच. तीन वर्षें भरत आलीं कीं सावकार कुणब्याला बोलावी, जुन्या मुद्दलावर व्याज चढवी आणि त्या सगळ्या रकमेचें नवें खत करून त्यावर अंगठा घेई. तीन वर्षांनीं पुन्हां तेंच. व्याजावर व्याज चढून शंभराचे कित्येक शेंकडे झाले. १२ मे १८७५ रोजीं भीमथडी तालुक्यांतील सुपें येथें शेतकऱ्यांनीं सावकारांचीं खतें जाळलीं, त्या दंग्याच्या कारणांत हेंहि एक कारण चौकशी करणाऱ्या कमिशननें धरलें. पुढें १८७९ च्या दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कायद्यानें शेतकऱ्यांच्या कर्जाच्या दाव्यांची मुदत वाढविण्यांत आली. यावरून काय शिकायचें? मुदतीचा कायदा ज्याला ठाऊक असतो त्याच्या हातांत ती विळी असते, आणि ज्याला ठाऊक नसतो त्याच्या गळ्यावर ती चालते. सावकाराला तारीख पाठ होती, कुणब्याला नव्हती. आज आपल्या भावकींतहि एकाला तारीख पाठ असते आणि दुसऱ्याला नसते.

आतां वांटणीचें पाहूं. एकत्र कुटुंबाच्या मिळकतींतून ज्याला वगळलें आहे, त्यानें आपला हिस्सा मागण्याच्या दाव्याला १२ वर्षांची मुदत आहे. हा नियम आजच्या कायद्याच्या ११० व्या अनुच्छेदांत आहे. १९०८ च्या जुन्या कायद्यांतहि तो १२७ व्या अनुच्छेदांत असाच होता. पण हीं बारा वर्षें कोठून मोजायचीं? सगळी मेख येथें आहे. कायदा असें म्हणत नाहीं कीं बाप मेल्यापासून मोजा, किंवा भावाचें नांव सातबाऱ्याला लागल्यापासून मोजा. आपल्याला वगळलें आहे ही गोष्ट ज्या दिवशीं दावा करणाऱ्याला कळली, त्या दिवसापासून मोजावयाचें. वगळलें पाहिजे आणि तें कळलेंहि पाहिजे. दोन्ही गोष्टी झाल्या कीं दिवस चालू होतात.

यावरून आपल्या लोकांच्या दोन चुका दिसतात आणि त्या एकमेकींच्या अगदीं उलट आहेत. पहिली चूक माझ्या वडिलांची: वगळल्याचें कळलें असूनहि बसून राहणें. दुसरी चूक अशी कीं, कोणीतरी गांवांतला शहाणा सांगतो, “तुझा बाप मरून वीस वर्षें झालीं, तुझी मुदत केव्हांच संपली,” आणि गरीब माणूस तें खरें मानून घरीं जातो. पहिल्या चुकीनें जितक्या जमिनी गेल्या असतील, तितक्याच ह्या दुसरीनेंहि गेल्या असतील.

समजा, दोन भाऊ आहेत. थोरला गांवीं शेत करतो, धाकटा मुंबईस नोकरी करतो. धाकटा सणाला येतो, पोतें दोन पोतीं जोंधळा घेऊन जातो, कधीं बियाण्याला पैसे पाठवतो. अशीं तीस वर्षें गेलीं तरी धाकट्याची मुदत चालू होत नाहीं. कारण एकत्र मिळकतींत एका भावाचा ताबा हा सर्वांच्याच वतीचा ताबा समजला जातो. थोरल्यानें एकट्यानें नांगर धरला एवढ्यानें धाकटा बाहेर पडत नाहीं. थोरल्यानें उघडपणें त्याचा हक्क नाकारला पाहिजे आणि तें धाकट्याला कळलें पाहिजे.

सातबाऱ्याचेंहि तसेंच. थोरल्या भावाच्या नांवापुढें “ए. कु. मॅ.” अशीं अक्षरें पुष्कळ जुन्या उताऱ्यांत सांपडतात. त्यांचा अर्थ एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. म्हणजे तो कागदच ओरडून सांगतो कीं जमीन सर्वांची आहे, हा केवळ कारभारी! पुढें एखाद्या फेरफारानें तीं अक्षरें गळालीं तरी घाबरण्याचें कारण नाहीं. वरिष्ठ कोर्टांनीं पुनःपुन्हां सांगितलें आहे कीं, फेरफाराची नोंद ही सारा कोणाकडून घ्यावयाचा एवढ्यापुरती असते. तिनें कोणाची मालकी उत्पन्न होत नाहीं कीं नष्ट होत नाहीं. मात्र हेंहि ध्यानांत ठेवा कीं, त्या नोंदीची नोटीस तुम्हांला मिळाली, तुम्हीं हरकत घेतली, आणि भावानें “याचा हिस्सा नाहीं” असा जबाब दिला, तर वगळल्याचें तुम्हांला कळलें असें म्हणण्यास तोच जबाब पुरावा होतो. तेथून बारा वर्षें मोजायला लागा.

हें केवळ शेतापुरतें नाहीं. लोहाराची भट्टी, ऐरण आणि भाता वडिलोपार्जित असेल, सुताराचें घर आणि पुढची ओसरी असेल, कुंभाराची आव्याची जागा असेल, तरी हाच नियम. एका भावानें दुसऱ्याला दुकानांतून हांकून लावलें, कुलूप बदललें, “पुन्हां येथें पाऊल टाकूं नकोस” म्हटलें, तर तो दिवस लिहून ठेवा.

आतां माझ्या आजीच्या शब्दाकडे येतों. मुदत संपण्याच्या आंत, ज्याच्याविरुद्ध हक्क मागावयाचा आहे त्यानें तो हक्क लेखी कबूल करून सही केली, तर त्या सहीच्या दिवसापासून मुदत पुन्हां नव्यानें मोजली जाते. हें कलम १८ आहे. आजीच्या देखत थोरल्या चुलत्यांनीं चार ओळी लिहून दिल्या असत्या कीं, “धाकट्याचा हिस्सा आहे, आई आहे तोंपर्यंत वांटणी करूं नये असें ठरलें,” तर आजीचा शब्द पाळूनहि आमचा हक्क जिवंत राहिला असता. त्यांनीं लिहून देण्यास नकार दिला असता, तर तेव्हांच आम्हांला कळलें असतें कीं राग उतरणार नाहीं. दोन्ही बाजूंनीं आमचा फायदाच होता. आपल्याकडे भावाकडून कागद लिहून घेणें म्हणजे भावावर अविश्वास, असें मानतात. मी म्हणतों, ज्याच्या मनांत खोट नाहीं त्याला सही करण्याची लाज कशाची? मात्र हा कागद मुदतीच्या आंत झाला पाहिजे. बारा वर्षें उलटून गेल्यावर लिहिलेल्या कबुलीनें ह्या कलमाप्रमाणें गेलेली मुदत परत येत नाहीं. आणि तोंडी कबुली, ती देवळांत बेल उचलून दिलेली असो, ह्या कामीं उपयोगी नाहीं.

सर्वच दाव्यांना बारा वर्षें नसतात, हेंहि सांगितलें पाहिजे. एखादें खत रद्द करून घ्यावयाचें असेल, तर ज्या गोष्टींमुळें तें रद्द होण्याजोगें आहे त्या आपल्याला कळल्यापासून तीनच वर्षें. अज्ञान मुलाची स्वतःची मिळकत पालकानें परवानगीवांचून विकली, तर त्या मुलानें अठरा वर्षें पुरीं झाल्यापासून तीन वर्षांत, म्हणजे एकवीस वर्षें पुरीं होण्याच्या आंत, दावा आणावा. बापानें वडिलोपार्जित जमीन विकली आणि ती विक्री मुलाला मोडावयाची असेल, तर घेणाऱ्यानें ताबा घेतल्यापासून बारा वर्षें. अज्ञान मुलांना व वेड लागलेल्यांना कायदा सवलत देतो, पण त्या सवलतीलाहि हद्द आहे: अज्ञानपण संपल्यानंतर तिनें तीन वर्षांहून अधिक मुदत वाढत नाहीं. आणि लबाडीनें गोष्ट लपवून ठेवली असेल, तर ती लबाडी उघडकीस आल्यापासून मुदत मोजतात. आपला दावा ह्यांपैकीं कोणत्या घरांत बसतो हें चांगल्या वकिलाला कागद दाखवून विचारावें. मास्तराच्या भाषणावर विसंबून दावा लावूं नये.

आतां माझ्या बहिणींना दोन शब्द. ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनें मुलगी ही मुलाप्रमाणेंच जन्मानें एकत्र कुटुंबाच्या मिळकतींत हिस्सेदार झाली. त्या दिवशीं बाप जिवंत असला पाहिजे काय, याबद्दल पुष्कळ वर्षें घोळ होता. ११ ऑगस्ट २०२० रोजीं सुप्रीम कोर्टानें तो मिटविला: बाप जिवंत असण्याची जरूर नाहीं. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वीं रीतसर झालेली वांटणी किंवा विक्री ह्या कायद्यानें मोडत नाहीं. म्हणून “तुझें लग्न झालें, तुझा संबंध संपला” असें कोणी म्हणेल तर तें खरें नाहीं. आणि तसें म्हटलेंच, तर तो दिवस लिहून ठेव, बाई! तुझीं बारा वर्षें त्या शब्दापासून धांवूं लागतात.

भावांनाहि विचारतों. वारसाची नोंद करावयाची आहे म्हणून बहिणीला तालुक्याला नेतां, चहा पाजतां आणि हक्कसोडीवर तिची सही घेतां. तिनें वाचून, समजून, राजीखुशीनें सोडलें असेल तर प्रश्न नाहीं. पण कागद वाचून न दाखवितां सही घेतली असेल, तर सावकारानें आपल्या आजोबाचा अंगठा घेतला त्यांत आणि यांत फरक काय? ज्यांनीं सावकाराची लबाडी ओळखली, त्यांनीं ती आपल्या घरांत बहिणीवर करावी काय? बहिणींनीं हेंहि ध्यानांत ठेवावें कीं, अशा फसवणुकीच्या कागदाला रद्द करण्याची मुदत ती कळल्यापासून तीनच वर्षें आहे. माहेर तुटेल म्हणून गप्प बसण्यांत तीन वर्षें जातां जातां जातात.

दावा दाखल झाला म्हणजे मुदतींतून सुटलों, असेंहि समजूं नये. पुढें लहान लहान मुदती उभ्या असतात, महिन्यांच्या आणि दिवसांच्या. समन्स लागल्यापासून प्रतिवादीनें ३० दिवसांत आपली कैफियत द्यावी. कोर्ट ती मुदत ९० दिवसांपर्यंत वाढवूं शकतें, आणि त्यापुढें फारच सबळ कारण लागतें. तारखेला कोणीच गेलें नाहीं म्हणून दावा निघाला, तर तो पुन्हां घेण्याचा अर्ज ३० दिवसांत. आपल्या गैरहजेरींत हुकूमनामा झाला, तर तो फिरविण्याचा अर्जहि ३० दिवसांत. समन्स नीट लागलेंच नसेल तर हुकूमनामा कळल्यापासून ३० दिवस. अपील जिल्हा कोर्टांत असेल तर ३० दिवस, हायकोर्टांत असेल तर ९० दिवस. निकालाची नक्कल मिळण्यास लागलेला काळ ह्यांतून वजा होतो. म्हणून निकाल लागतांच नकलेचा अर्ज द्यावा.

वांटणीच्या दाव्यांत सर्वांत घातक मुदत निराळीच आहे. एकत्र कुटुंबांत माणसें पुष्कळ, त्यांत वृद्ध पुष्कळ, आणि दावा लांबतो. मध्येंच एखादा वादी किंवा प्रतिवादी मरतो. मग ९० दिवसांच्या आंत त्याचे वारस दाव्यांत आणावे लागतात. न आणल्यास त्याच्यापुरता दावा आपोआप पडतो आणि तो उठविण्यासाठीं पुढें ६० दिवसांत अर्ज करावा लागतो. गांवांत माणूस मेला कीं आपण तेराव्याला जेवून येतों, पण वकिलाला कळवीत नाहीं. यापुढें सुतक फिटलें कीं मृत्यूचा दाखला घेऊन प्रथम वकिलाकडे जा.

अर्ज आणि अपील यांना उशीर झाला, तर खरें कारण दाखवून तो माफ करून घेतां येतो. कलम ५ त्यासाठीं आहे. परंतु मूळ दाव्याला ही माफी नाहीं. आजारी होतों, गरीब होतों, आईनें अडविलें, ह्यांपैकीं कोणतेंहि कारण सांगून बारा वर्षांचीं तेरा होत नाहींत. माझ्या वडिलांचें कारण ऐकून कोर्टांत कोणाचे डोळे पाणावले असतील, पण पाणावलेल्या डोळ्यांनीं कायदा बदलत नाहीं.

आतां निकाल लागला असें धरूं. पुष्कळांना वाटतें कीं जिंकलों, संपलें. वांटणींत तसें नसतें. प्रथम प्राथमिक हुकूमनामा होतो; त्यांत कोणाचा किती हिस्सा एवढेंच ठरतें. मग प्रत्यक्ष तुकडे पाडावयाचे असतात. सारा भरणाऱ्या शेतजमिनीचे तुकडे कलेक्टर किंवा त्यांचा अंमलदार पाडतो. घरें वगैरेंसाठीं कोर्ट कमिशनर नेमतें. मग अखेरचा हुकूमनामा. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर अखेरच्यासाठीं अर्ज करण्यास मुदत नाहीं, असें सुप्रीम कोर्टानें २००९ सालीं सांगितलें आहे; आणि २०२२ सालीं असेंहि सांगितलें कीं, खालच्या कोर्टानें पक्षकाराच्या अर्जाची वाट न पाहतां स्वतःच पुढचें काम चालवावें. पण यावर निजूं नका. जितका उशीर, तितके वारस वाढतात आणि तितका तुकडा बारीक होतो. अखेरचा हुकूमनामा झाला कीं मात्र पुन्हां १२ वर्षांची मुदत सुरू होते, ती बजावणीची. तो हुकूमनामा स्टॅम्प कागदावर उतरवावा लागतो. कोणी म्हणेल, स्टॅम्प आणीन तेव्हां मुदत चालू होईल. नाहीं! २००५ सालीं सुप्रीम कोर्टानें स्पष्ट केलें आहे कीं, मुदत हुकूमनाम्याच्या तारखेपासूनच चालते, स्टॅम्प आणल्यापासून नव्हे.

येथें तुमच्यापैकीं कोणी विचारील, “मास्तर, आम्हांला इतक्या मुदती, मग कोर्टाला मुदत कोणती?” प्रश्न रास्त आहे. एका पक्षाला तीनपेक्षां अधिक तहकुब्या देऊं नयेत असें दिवाणी कामाच्या कायद्यांत लिहिलें आहे. प्रत्यक्षांत किती मिळतात हें तुम्ही डोळ्यांनीं पाहतां. वांटणीचा दावा अमुक वर्षांत निकालांत काढलाच पाहिजे, नाहीं तर कोर्टाचा हक्क गेला, असा कायदा कोठें नाहीं. कुणब्याला एक दिवसाचा उशीर झाला तर दार बंद, आणि आंत गेल्यावर कितीहि वर्षें लागलीं तरी चालतें, ही विषमता आहे आणि ती बोलून दाखविली पाहिजे. कोर्टें वाढवा, न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा भरा, मोजणीचें काम लवकर करा, ह्या मागण्या आपण ग्रामसभेंत, मतें मागायला येणाऱ्यांपुढें आणि वर्तमानपत्रांतून केल्या पाहिजेत. परंतु ती विषमता दूर होईपर्यंत आपली तारीख आपणच सांभाळली पाहिजे. दुसऱ्याचा उशीर हा आपल्या उशिराचा बचाव होत नाहीं.

“शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये” ही म्हण आपल्याकडे फार आवडती आहे. तिच्यांत शहाणपण आहे, मी नाकारीत नाहीं. पण पायरी चढावयाची नसेल तर पायरीच्या अलीकडेच वांटणी करा; बारा वर्षें पायरीखालीं बसून राहूं नका. सर्व हिस्सेदार राजी असतील तर तहसीलदाराकडे अर्ज करून जमीन महसुलाच्या कायद्याच्या कलम ८५ प्रमाणें शेताची वांटणी करून घेतां येते. मात्र हक्काविषयींच तंटा निघाला तर तेथें तो निकालांत निघत नाहीं, दिवाणी कोर्टांतच जावें लागतें. दावा लागल्यावरहि लोकअदालतींत तडजोड करतां येते. तेथील निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकाच पक्का असतो, त्यावर अपील नसतें आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. ज्याच्याजवळ पैसा नाहीं त्यानें तालुक्याच्या विधि सेवा समितीकडे जावें; स्त्रियांना आणि अनुसूचित जातीजमातींच्या लोकांना तर उत्पन्न न पाहतां फुकट वकील मिळण्याचा कायदा १९८७ सालीं झालेला आहे. आणि हें पक्कें लक्षांत घ्या कीं, दावा दाखल करणें म्हणजे भावाशीं बोलणें बंद करणें नव्हे. दावा दाखल करून ठेवा, आणि संध्याकाळीं त्याच्याच ओसरीवर जाऊन तडजोडीचें बोला. मुदत सांभाळून केलेली तडजोड बरोबरीची असते. मुदत गमावून केलेली तडजोड ही भीक असते.

शेवटीं एक सोपें काम सांगतों. घरीं गेल्यावर पोराची एक कोरी वही घ्या. तिच्यांत घरांतील मोठीं माणसें वारल्याच्या तारखा लिहा. मिळकतीचे गट नंबर लिहा. आलेलें प्रत्येक रजिस्टर पत्र, नोटीस आणि फेरफार कोणत्या दिवशीं हातीं आला तें लिहा. कोणी हिस्सा नाकारला असेल तर कोणी, कोठें, कोणादेखत आणि कोणत्या दिवशीं, तें लिहा, आणि त्याच्यापुढें बारा वर्षें मिळवून येणारी तारीख मोठ्या अक्षरांत मांडा. हिशेब येत नसेल तर शाळेंत या, मी मांडून देईन.

माझ्या शाळेंत आजहि चौथींतलीं पोरें आहेत. त्यांच्यांतलाहि एखादा आज ना उद्यां बापाला पत्र वाचून दाखवील. त्यानें तें नीट वाचावें एवढीच माझी इच्छा नाहीं. वाचून झाल्यावर त्यानें बापाला सांगावें कीं, “दादा, आजची तारीख लिहून ठेवूं या.” मला तेव्हां तें सांगतां आलें नाहीं.